मापांची वही

ही वही आईच्या हातची.
पहिल्या पानावर मापंच नाहीत.
तेव्हा मारियाचीला पोशाख नव्हता,
मांजरपाटाचा सदरा, मांजरपाटाचीच विजार,
मक्याच्या शेतात तीच, लग्नातही तीच.
आईनं नुसती नावं लिहिलीत:
तिबुर्सिओ आणि त्याचा भाऊ, दोन व्हायोलिनं.
अनाक्लेतो, विहुएला.
फिलेमोन, हार्प.
खाली पेन्सिलीनं, "एक कोंबडी बाकी."

ट्रम्पेट कुठेच नाही.

ला सिएनेगितात तेव्हा खड्डा खणायचे,
खड्ड्यात रिकामे रांजण, वर फळी,
फळीवर बायका टाचा आपटायच्या
आणि अख्ख्या गल्लीच्या पोटात घुमायचं.

कुणाचं मूल गेलं तरी हेच चौघे.
गाणं नाही, शब्द नाही,
तारांवर नुसते मिनुएते, उजाडेपर्यंत,
कागदी मुकुट घातलेल्या त्या इवल्या देहापाशी.
रडायला मनाई.
देवदूताचे पंख भिजतात म्हणे.
फिलेमोन एरवी डोळे मिटून वाजवायचा,
त्या रात्री उघडे ठेवायचा.

पान सातवं. इथून आकडे सुरू.
छाती, कंबर, बाही, मांडीचा घेर.
राजधानीच्या रेडिओवरून बोलावणं आलं होतं,
आणि कुणीतरी सांगितलं, असे येऊ नका.
मग ज्यांच्या घोड्यांना खरारा केला
त्यांच्यासारखंच आखूड जाकीट, तंग विजार,
बाजूनं गुंड्यांची रांग,
जस्ताच्या, राखेनं घासून चांदीच्या केलेल्या.
अस्तराला आईनं पिठाची पोती लावली.
बाहेरून जमीनदार, आतून गिरणी.

रेडिओवर दिसतं कुणाला?
फिलेमोननं विचारलं होतं.
आईनं सुई दातात धरली होती, ती काही बोलली नाही.

हार्प बसच्या दारातून जाईना.
आडवी केली, तिरपी केली,
टपावर बांधावी तर टपावर डुकरं.
म्हणून आमच्या दुकानात ठेवली, आठ दिवसांसाठी.
तिच्या जागी गितार्रोन आला,
ढेरपोट्या, पण गळ्यात अडकवून चालता येणारा.
आणि छावणीच्या बँडमधला नासारिओ, ट्रम्पेट घेऊन.
त्या आठ दिवसांना आता सत्तर वर्षं होतील.

वहीत फिलेमोनचं माप आहे, छाती छत्तीस.
त्यावर काट मारलीय.
तो गेलाच नाही.
रोज संध्याकाळी दुकानात यायचा, हार्प जुळवायचा,
वाजवायचा नाही,
जुळवून घरी जायचा.
तो वारल्यावर तारा एकेक तुटल्या,
आणि खोटं कशाला बोलू,
उरलेल्यांवर मी रिळं अडकवली.

आता लांबलांबून येतात माझ्याकडे.
चौकात टेबलापाशी उभे राहून
तीच चार गाणी वाजवणारे.
गुंड्यांवरून मला घर कळतं:
डाव्या मांडीवरच्या तीन गायब, म्हणजे भाडं थकलंय.
सगळ्याच नव्या, म्हणजे बायको सीमेपलीकडे कामाला लागली.
मी विचारत नाही. टाका घालते.

काल यात्सिरी आली, क्रिसोफोरोची धाकटी.
चौदा वर्षांची. स्कर्ट नको, विजारच शिव म्हणाली.
डावा खांदा किंचित वर, व्हायोलिनचा.
टेप लावायच्या आधीच कोपऱ्यात गेली,
एकेक रीळ काढून माझ्या ओटीत टाकत राहिली,
लाल, काळं, पुन्हा काळं.
"किती तारा असतात हिला?"
छत्तीस, मी म्हटलं,
आणि म्हणताना पहिल्यांदाच माझ्या लक्षात आलं.
"पाचच आहेत."
हो.
"मिनुएते कुणाला येतात इथे?"
मी वहीत डोकं घातलं.

छातीचं माप घेताना सगळेच श्वास रोखतात.
तिनंही रोखला.
सोड, म्हटलं.
आता घे. पोटभर घे.
वाजवताना एवढीशीच राहणार आहेस का?