भिंत गुळगुळीत आहे असे माना

पहिल्याच तासाला किरणापुरे मॅडमनी फळ्यावर एक चौकोन काढला
आणि त्याच्याभोवतीचं सगळं पुसून टाकलं,
टेबल, जमीन, दोर, कुणाचा तरी हात.
"वस्तू एकटी करा," म्हणाल्या,
"पण जे जे काढाल
त्याच्या जागी एक बाण ठेवा.
पुसायला सगळ्यांना येतं."
मी लिहून घेतलं. समजलं नाही.
खिडकीतला कूलर वाळ्याचा वास आणि पाणी
दोन्ही फेकत होता तिसऱ्या बाकापर्यंत,
माझे बाण वहीत फुटत होते.

हिंगण्याहून तांडापेठेत यायला बस बदलावी लागते.
अग्रसेन चौकाच्या वळणावर
कड्यांना धरलेली माणसं एकदम कलायची,
आणि मी प्रत्येकाला एक बाण द्यायचे
टाळूपासून खाली,
दोन तळव्यांखालून वर.
सिग्मा एफवाय बरोबर शून्य.
तरी पहिल्या टेस्टला वीसपैकी चार.
मोमेंटची दिशा उलटी धरली होती.

घर म्हणजे हेडाऊ बिछायत केंद्र.
दारात बांबू, जिन्यात सतरंज्या,
माझ्या पलंगाखाली झालरींची गाठोडी.
पप्पा दोर बांधला की त्याला बोटानं छेडतात
आणि कान देतात.
"वाजला पाहिजे," एवढंच.
किती न्यूटन, कुणी विचारलं नाही.
ते शिडीला निसनी म्हणतात.

रात्री माझ्या वहीत डोकावले.
पाच मीटरची शिडी, पायथा भिंतीपासून तीन मीटर,
टोकावर सत्तर किलोचा माणूस.
शिडीचं वजन धरू नका.
भिंत गुळगुळीत आहे असे माना.
"अशी भिंत कोन बांधते?" पप्पा म्हणाले.
मग चष्मा पुसून,
"हा एकटाच चढून राहिला का?
खाली कोन हाय?"
"खाली घर्षण असतं, पप्पा."
"नाव काय त्याचं?"
"म्यू."
"येते का रोज कामाले?"
हसले, आणि कंदुरीचा हिशेब करायला बसले.

म्यू पाऊण आला. पुस्तकामागच्या उत्तराशी जुळला.
वही मिटता मिटता आठवलं,
लकडगंजचं लॉन, मी सात वर्षांची,
पप्पा वर, तोंडात सुतळी,
आणि मी सगळ्यात खालच्या पायरीवर
दोन्ही पाय रोवून.
"हालू नको."
मला वाटायचं, मी कुठे हरवू नये
म्हणून उभं करतात तिथे.
सावली सरकायची, चपलेत डांबर चिकटायचं,
मी हजारपर्यंत मोजायचे, चुकायचे,
पुन्हा एकपासून.

वही उघडली.
पायथ्याशी पेन्सिलीनं एक बारका चौकोन काढला, बावीस किलो.
त्याचा मोमेंट शून्य,
टेकूच्या बिंदूवरच तर उभा.
भिंतीला पत्ताच नाही त्याचा.
फक्त जमिनीचा बाण लांबला,
सत्तरचा ब्याण्णव,
आणि म्यू उतरला, पॉइंट सत्तावन्न.
तीनदा केलं. तितकंच येतं.

उद्या पेपर दोन वाजता.
सकाळी सहाला गुड्डूचा फोन, ताप आहे,
आणि सक्करदऱ्यात मुलीकडचे
स्टेजसाठी खोळंबलेले.
मी नोट्स कमरेला खोचून गेले.
एक्कावन्न किलो आता.
भिंत खरखरीत, पोपडे उडालेली,
पुस्तकात बसणार नाही अशी.
वर गाठ करकचते,
सुतळीचे तुकडे पडतात केसांत, पानांवर,
ट्रसच्या तिसऱ्या जोडावर एक अडकून बसलाय.
मी मान वर करते.
"वर पाहू नको," पप्पा म्हणतात,
"डोयात जाईन."