ठिय्या

मानेवाडा चौकात, मेडिकलच्या बंद शटरसमोर
निमा गजघाटेनं खडूनं सहा गोल काढले
अन् आम्हाला म्हणाली, उभ्या राहा.
एवढंच. बाकीचं मग.

सहा पन्नास. मे महिना.
सिग्नलवर हिरवी जाळी ताणलेली,
तिची सावली अजून पडायची होती.
डाव्या हाताला साठ-सत्तर माणसं, बाया,
डबे, थाप्या, ओळंबे, पोत्यात गुंडाळलेलं फावडं.
ती आमच्या आधीपासून उभी.

वजन एका पायावर, निमा म्हणाली,
आता दुसऱ्यावर. कुणाला कळता कामा नये.
मी बारा वर्षं भरतनाट्यम शिकलेली,
अन् मला उभं राहता येईना.
हातांचं काय करायचं तेच सुचेना.

फुलवंता उईके बघत होती.
"कोनत्या ठेकेदाराच्या तुमी?"
आम्ही नाचतो, निमा म्हणाली.
"कवा?"
हेच.
फुलवंतानं तंबाखू मळली, चिमूट धरली, थांबली.
"असं त मी रोजच करतो बाप्पा."

अकराव्या दिवशी छोटा हत्ती येऊन थांबला.
ठेकेदारानं खिडकीतूनच बोट केलं:
तू, तू, अन् ते उंच बाई.
उंच म्हणजे निमा.
बेसाला स्लॅब होता.
आम्हाला वाटलं, हसेल, समजावून सांगेल.
तिनं वही माझ्या हातात दिली,
ओढणी कमरेला खोचली
अन् मागं चढून बसली.

दुसऱ्या दिवशी तिला खडू धरता येईना.
शिडीवर अकरा जणी, ती सांगत होती,
घमेलं खालून येतं, तू ते घेत नाहीस,
तू फक्त त्याच्या वाटेत असतेस.
खालची सोडते तेव्हा वरचीचा हात
आधीच आलेला असतो.
कुणी मोजत नाही.
मी एकदा मोजलं,
अन् सांडलं.

काल फुलवंता दुपारपर्यंत इथंच होती, मी म्हणाले.
म्हणायला नको होतं का, अजून ठरत नाही.

निमा साडेचारशे रुपये घेऊन तिच्याकडे गेली.
फुलवंतानं नोटा मोजल्या,
पन्नासाची वेगळी काढून परत दिली.
"हे ऑटोचे. मी गेलो कुठं?"

प्रयोग सातचा होता, निमानं अकराचा केला,
ज्यांना न्यायचं त्यांना नेऊन झाल्यावरचा.
गोल काढले नाहीत.
पास घेऊन चौदा लोक आले,
रसवंतीच्या बाकांवर बसले,
चष्मे पुसत विचारू लागले,
यातल्या तुमच्या कोणत्या?
निमा उसाच्या चिपाडांकडे बघत राहिली.

जाळीची सावली आमच्यापासून हातभर दूर होती.
कुणीच तिच्याकडे सरकलं नाही.
फुलवंता माझ्या उजवीकडे,
डबा अजून न उघडलेला.
माझं वजन डाव्या पायावर होतं.