आकाशात थोडा यलो ऑकर

रविवारी साडेसहाला कोलशेतच्या जेट्टीवर
हरेश्वर वैती सर आधीच पोचलेले असतात.
भरतीची वेळ त्यांना कॅलेंडरात बघावी लागत नाही.
घडीचं स्टूल, श्रीखंडाच्या डब्यात पाणी,
आणि आम्ही नऊ जण:
एक दंतवैद्य बाई, एक रिक्षावाला,
अबकारी खात्यातून निवृत्त झालेले गुप्ते,
पालिकेत पाणीबिलाच्या खिडकीत बसणारी मी,
जिला पाणी म्हणजे घनमीटर.

"आधी बघा," सर म्हणतात. "ब्रश खाली.
पंधरा मिनिटं नुसतं बघा, फुकट आहे."
चिखल बघतो आम्ही. तिवरं बघतो.
गुप्ते घड्याळ बघतात.

सरांचे वडील याच खाडीतून रेती काढायचे,
बुडी मारून, बालदीने, होडी भरेपर्यंत.
ती रेती आता काठावर चाळीस मजले उभी आहे.
पहिल्यांदा मी ते टॉवर चित्रातून गाळले
तर सर म्हणाले, "का गं?
बाबांनी एवढ्या बुड्या मारल्या. काढ की."

सुरुवात त्यांनी दुकानांच्या पाट्यांपासून केली.
नौपाड्यात एक अजून आहे, कल्हईवाल्याची,
तिच्यातला 'ल' बघून या.
मग बावीस गणपतींमागे बावीस हिमालय,
हिमालय न पाहता.
मग एकतीस वर्षं शाळेत चित्रकलेचा तास,
जो गणिताच्या बाईंना कायम उसना हवा असायचा.
प्रदर्शनं दोन. विकली गेलेली चित्रं सात,
त्यातली तीन मेहुण्याने घेतली.
बाकीची पलंगाखाली, जुन्या चादरीत.

आम्हाला पहिल्या दिवसापासून सांगितलं त्यांनी:
आकाश नुसतं निळं नसतं,
थोडा यलो ऑकर घाला.
आम्ही घातला.
नऊ जणांची आकाशं एका घरातली भावंडं वाटायची.

मार्चमध्ये त्यांचे डोळे उघडले डॉक्टरांनी.
मोतीबिंदू, दोन्हीकडे, चांगला पिकलेला.
तीन रविवार आम्ही आपापले बसलो.
चौथ्या रविवारी सर आले,
काळा चष्मा काढून खिशात ठेवला,
भिवंडीच्या काठाकडे बघितलं, मग वर.
पंधरा मिनिटं होऊन गेली.
"हे असं होतं?" म्हणाले.
कोणीच काही बोललं नाही. एक बगळा उडाला.

त्या संध्याकाळी पलंगाखालचं सगळं बाहेर आलं.
काकूंनी फोनवर सांगितलं मला:
वर्षांप्रमाणे मांडली जमिनीवर, पार ओट्यापर्यंत.
सुरुवातीची निळी, मग मळकी,
आणि ही शेवटची आठ-दहा वर्षं
चहा सांडून वाळल्यासारखी.
"खाडी कुठे, मी डोळाच काढत बसलो होतो,"
असं म्हणून हसले.
आणि जेवले नाहीत.

आता सर निळा घेतात, ओला, धीट,
नवीन सायकल मिळालेल्या पोरासारखे.
आमच्या कागदांपाशी येऊन थांबतात,
काहीतरी सांगायचं असतं, सांगत नाहीत.
दंतवैद्य बाईंनी पिवळा सोडला.
गुप्त्यांनी ट्यूबच घरी ठेवली.

मी अजून घालते,
ब्रशच्या टोकाला लागेल एवढाच.
आज मिसळत होते तेव्हा ते मागे उभे होते.
हात थांबला माझा.
"ओहोटी लागली," एवढंच म्हणाले,
आणि माझ्या डब्यातलं पाणी बदलून आणायला गेले.