गुण्या

भुसावळच्या जुन्या चर्चमागच्या खोलीत
एक पत्र्याची पेटी निघाली.
मी आलो होतो भिंतीची ओल बघायला.
एस्तेर मॅडम म्हणाल्या, हे विटकॉम पाद्रीचे कागद,
अमेरिकेहून आला होता, आगगाडीच्या पाठोपाठ.
आमच्या घरी त्याला विटकर साहेब म्हणत.
माझ्या खापरपणजोबानं ठेवलेलं नाव ते, उखा बेलदारानं.
विटकर म्हणजे अर्धी वीट.

कागद महाग असणार.
एका अंगाला रविवारचं प्रवचन,
उलटवलं की गुरुवारचं भाषण, लॉजमधलं.
गोदामाच्या पलीकडं होतं ते. दारं लावून बसायचे साहेब लोक,
पोरं त्याला भूतबंगला म्हणायची.
शाई इकडची तिकडं उतरलेली.
मॅडमनी कागद उजेडाकडं धरला
तर प्रार्थनेच्या पोटातून 'बंधूंनो' उलटं दिसत होतं,
आरशात दाढी करणाऱ्या माणसासारखं.

"ओळंबा शिकवतो सरळ उभं राहायला,"
त्या मराठीत सांगू लागल्या,
"पाणसळीवर राजा आणि हमाल एका रेघेत.
आणि गुण्यानं आपण आपली वागणूक तपासावी."
मी म्हटलं, थांबा.
ही तर माझ्या थैलीतली नावं.
गवंडी होते का हे लोक?
नाही. एक इंजिन ड्रायव्हर, दोन गार्ड, डॉक्टर,
कापसाचा एक दलाल, आणि पाद्री.
मग बांधलं काय यांनी?
मॅडम हसल्या नाहीत.
"स्वतःला," म्हणाल्या, "असं लिहिलंय."

लॉज उघडायचं ठरलं, आणि सामानाची पेटी कल्याणला अडकली.
साहेबानं उखाचा गुण्या मागून नेला, एका रात्रीपुरता.
शिसवी, पितळी कोपऱ्याचा, बापाच्या हातचा.
चर्चचा पूर्वेचा कोपरा तेवढा आखायचा राहिला होता.
हे आमच्या घरी सगळ्यांना पाठ आहे.
कागदात आहे का, एवढंच मला बघायचं होतं.

आहे. समासात, पेन्सिलीनं.
'उखा आज पुन्हा आला. गुरुवार सांगितला.'
पुढच्या पानावर, 'उखा आला.'
त्याच्या पुढं, 'मुंबईचे बंधू म्हणतात, ग्रंथावर ठेवलेली वस्तू
आता बाहेर जात नाही. आठ आणे देऊ केले. घेतले नाहीत.'
आणि त्याच कागदाच्या सुलट अंगाला
कोनशिलेवरचं प्रवचन.
छान बोललाय, मॅडम म्हणतात,
गळा भरून यावा असं.

उखा अमळनेरकडचा. लॉजच्या पायरीवर बसायचा.
आत बंधुत्वावर टाळ्या.
"मना गुण्या दी टाक, साहेब,"
एवढं एकच वाक्य.
पंखा ओढणारा पोऱ्या आतून सांगायचा,
आज नही, बेस्तरवारे ये.

शेवटी बांधला त्यानं कोपरा, डोळ्याच्या अंदाजानं.
आज मी दोरी लावली, साडेतीन बोटं बाहेर.
खरं तर तीन, चार, पाच हात दोरी टाकून
काटकोन काढता येतो. उखाला येत होता.
माझा बाप म्हणायचा, मुद्दाम नाही काढला.
आई म्हणायची, ऊन असेल.
त्याच कोपऱ्यात उभा राहून
साहेब अकरा वर्षं बोलला.
बाकं अजून तिकडं तिरकीच लागतात.

प्लास्टरमध्ये लपेल का, मॅडमनी विचारलं.
लपेल. दीड गोणी सिमेंट जास्त.
मग थैलीतून माझा गुण्या काढला, स्टीलचा, जळगावहून घेतलेला,
आणि सहज त्या कागदाला लावला.
तोही काटकोनात नव्हता,
हातानं फाडलेला, घाईत.

ओल काढा फक्त, त्या म्हणाल्या.
बाहेर सेहेचाळीस डिग्री. माझा पोऱ्या पाणी मारत होता.
निघताना, त्या कुलूप शोधत असताना,
मी पेटीत हात घालून तळ चाचपला.
वाळवीची माती. टाचण्या.
एक पितळी बटण.