सोळंकेबाई

पूर्णेच्या लोको शेडमध्ये
सोलांज हे नाव कुणाच्याच जिभेवर बसलं नाही.
दुसऱ्या दिवशी तिची सोळंकेबाई झाली
आणि कँटीनचा मुनीर विचारू लागला,
सोळंके कुठले, माजलगावकडचे का?

साल एकोणनव्वद. मीटरगेज अजून होती.
मी अकरावी नापास, म्हणून मोकळा,
म्हणून तिनं माझ्या हातात बांबू दिला.
बांबूच्या टोकाला माईक, माईकला लोकरीची टोपी.
काम एकच: चौकटीत यायचं नाही.

ती कॅमेऱ्याशेजारी स्टुलावर बसायची,
आमच्यातलीच बिडी ओढायची
आणि काही म्हणजे काही विचारायची नाही.
वडील म्हणाले, "बाई, कायतरी इचार की.
एकवीस वर्षं झाली फायरमन हाव,
सांगतो ना सगळं."
दुभाष्यानं सांगितलं. ती हसली.
म्हणाली, विचारलं की माणसाचं उत्तर होतं.
मला त्याआधीचा माणूस हवाय.

रात्री भाकर मोडताना वडील म्हणाले,
"पगार कशाचा घेती मंग ही?"

बाकीची ती मला फार उशिरा कळली.
चाळीस वर्षांत सात फिल्म.
मीठ काढणाऱ्या बायका, बंद पडलेली खाण,
आंधळ्यांच्या शाळेतला एक अख्खा हिवाळा.
एकही धड चालली नाही. आठवी अर्धी, पैसे संपले.
मधल्या काळात पोरांना शिकवलं,
एक पातळ पुस्तक लिहिलं,
ते मात्र ती गेल्यावर दोनदा छापलं.

त्यात बावीस पानं माझ्यावर आहेत.
म्हणजे माझ्या खोकल्यावर.

चार मिनिटं नुसते वडिलांचे हात,
फावडं, जाळ, फावडं,
आणि तिसऱ्या मिनिटाला चौकटीबाहेर कुणीतरी खोकतं.
संकलक म्हणाला, कापू. ती म्हणाली, हात लावू नको.
मी डिक्शनरी घेऊन निम्मं लावलं:
न दिसणाऱ्या एका छातीत धूर गेला,
म्हणून दिसणारा धूर खरा.
पडदा ही बाज आहे म्हणते
(तिचा शब्द निराळा आहे, मी बाज म्हणतो),
बसलेला एक दिसतो, टेकलेले कितीतरी.

फिल्म यंदा मिळाली, मोबाइलवर, फुकट.
शेडच्या जागी आता वेड्या बाभळी.
आई चष्मा पुसून बसली.
खोकल्याला म्हणाली, "तुला तव्हाबी होताच."
मग एकदम बोट ठेवून तिनं ते थांबवलं.

उजव्या अंगठ्याला निळी चिंधी.
मी कधी पाहिली नव्हती.
बावीस पानांतही नाही.

"माझ्या लग्नातल्या पातळाची हाय.
रातभर भांडलो हुतो, बोलत नव्हतो.
तरी पहाटं फाडली अन् बांधली."
जरा थांबून,
"मी तिथंच तर उभी हुते, डबा घेऊन.
कामून इचारलं नाही त्या बाईनं?"

मी म्हटलं, ती विचारत नसे.
म्हटलं, बोट काढ, पुढं जाऊ दे.

नाही काढलं.