दादरा

माझे वडील, सुभानराव लांभाते,
मातीत बत्तीस कुस्त्या जिंकले
आणि गादीवर दोनशे अकरा हरले.
पहिला आकडा मल्हारगंजात कुणीही सांगायचं.
दुसरा मी आईच्या हिशेबाच्या वहीतून काढला,
दूध, रॉकेल, शाळेची फी यांच्या मधून.

तालमीतली माती ताक-हळद-तेल पिऊन मऊ झालेली.
मिलचा पहिला भोंगा व्हायच्या आत
त्यांच्या हजार बैठका झालेल्या असत.
ढाक टाकावी तर लांभात्यानं, असं जुने लोक म्हणत.
बक्षीस म्हणजे फेटा, नारळ,
एकदा पितळी हंडा.
हंडा आम्ही तीन वेळा गहाण टाकला.

मग मुंबईचा एक माणूस आला, पांढरे बूट घालून.
"पहिलवान, जिंकायला माझ्याकडे चिक्कार आहेत.
नीट हरणारा मिळत नाही."
रात्रीचे पंचाहत्तर रुपये.
मिलमध्ये तेवढ्यासाठी महिना जायचा.
आई काही बोलली नाही.
तिनं जुन्या लाल परकराचा मुखवटा शिवला,
डोळ्यांच्या भोकांना काजं केली
सदऱ्याला करतात तशी.
पोस्टरवर छापून आलं:
लाल विंचू. मुलूख अज्ञात.

रात्री गच्चीवर गाद्या टाकून ते पडायचे.
हनुवटी छातीला.
जीभ दातांच्या आड.
श्वास आधीच सोडून दिलेला,
आणि तळहात पाठीच्या आधी पोचला पाहिजे.
आवाज मोठा, मार लहान.
ज्या पाठीला जन्मभर माती लागू दिली नाही
तिला ते उताणं व्हायला शिकवत होते,
हळूहळू, हट्टी बैलाला शिकवावं तसं.

नागपूर, जबलपूर, अकोला, भोपाळ.
आणि मग एका डिसेंबरात इंदूर, नेहरू स्टेडियम.
मी सातवीत. मैत्रिणीच्या घरच्यांबरोबर गेले,
कुणालाच माहीत नव्हतं विंचू कोण ते.
"मार भिया, तोड दे टांग!"
संत्र्याच्या साली, शेंगांची टरफलं, एक चप्पल.
मीही ओरडले.
खरं सांगायचं तर सगळ्यांत मोठ्यानं ओरडले,
गप्प बसले असते तर ओळखलं असतं कुणीतरी.
सहाव्या मिनिटाला ते चितपट.
दिव्यांखाली मला फक्त काजं दिसत होती,
आईच्या हातची, एकसारखी.

सकाळी ते पोहे-जिलबी घेऊन आले.
पुडा सोडता सोडता म्हणाले,
"घसा बसलाय तुझा. गुळण्या कर."
एवढंच. त्या दिवशीही, पुढेही.

मग लोकांना घरी टीव्ही आले,
पांढऱ्या बुटांच्या माणसाचा पत्ता बदलला.
वडील एका बँकेच्या दारात बंदूक घेऊन उभे राहिले,
ती त्यांनी कधी झाडली नाही.
मुखवट्याचं आईनं काय केलं?
डोळे शिवून टाकले, आणि
कैरीच्या लोणच्याच्या बरणीवर दादरा म्हणून बांधला.
चांगला घट्ट विणीचा कपडा, म्हणाली, टाकवत नाही.
वीस उन्हाळे त्या बरणीत एकदाही बुरशी धरली नाही.

मी नर्स झाले. एम. वाय. मध्ये छत्तीस वर्षं
माणसं कशी कशी पडतात ते पाहिलं.
जिन्यावरून, दारूनं, नवऱ्याच्या हातानं,
आणि म्हातारी तर सरळ खुब्यावरच.

मागच्या वैशाखात न्हाणीघरातून आवाज आला.
मी कणीक मळत होते, तशीच धावले.
एक्क्याऐंशी वर्षांचे वडील ओल्या फरशीवर उताणे.
हनुवटी छातीला.
दोन्ही तळहात पसरलेले, लाल.
एक्स-रेत काही नाही. केसाएवढी चीर नाही.
डॉक्टर पोरगा म्हणाला, नशीब आहे हो आजोबांचं.

रिक्षात त्यांनी मला जवळ ओढलं,
ते चुरगळलेले कान माझ्या गालाला लागले.
"आवाज कसा आला?"

मी म्हटलं, समोरचे दुबेकाका
अर्धी दाढी तशीच ठेवून खाली उतरले.

ते ऐकून
पलासिया येईपर्यंत ते हसत होते.