मोरी तेवढी आपली

चार पानं, दोनशे चाळीस ओळी.
बँकेतल्या बिरनाळेनं छापून दिलेला तक्ता.
कुपवाड रोडचा फ्लॅट, सहाशे चौरस फूट,
अठरा लाख कर्ज, वीस वर्षं.

भूपाल झोपला की मी पेन्सिल काढते.
हप्ता पंधरा हजार सहाशे एकवीस.
त्यातले बारा हजार साडेसातशे नुसतं व्याज.
उरलं ते मुद्दलाला.

म्हणजे वर्षभर भरून
फिटतात बारा चौरस फूट,
तीन बाय चारची मोरी.
हॉल सुटेल दहा वर्षांनी.
स्वयंपाकघर तेराव्या.
तेराव्यालाच म्हणा ना.

एकूण सदतीस लाख एकोणपन्नास हजार.
पुन्हा बेरीज केली. तीच आली.

अप्पा हळदीच्या सौद्यात
क्विंटलमागं दहा रुपयांसाठी
दुपारपर्यंत अडून बसायचे, उपाशी.
मी त्यांची लेक,
बिरनाळे बोट ठेवील तिथं
सह्या करत गेले.
चहा पण घेतला त्याचा.

सकाळी भूपाल म्हणतो,
दिवाळीला हॉलला रंग काढू, मोरपंखी.
मी म्हणते, आधी मोरीचा नळ बदल.
गळतोय कधीचा.
तेवढी तरी आपली आहे.